नाल्याचा पूर आणि मुलांची पुस्तके

नदी, पूर आणि रानात एकट्याने निभावून नेण्याची कौशल्ये या विषयांवर मुलांसाठी मराठीत भरपूर आणि नेमकी पुस्तके असावीत, या मागणीला होणारा विरोध अनेक बाजूंनी येतो. मोठ्या नदीपासून दूर असलेल्या, वाशीम जिल्ह्यातील कारंजा लाडसारख्या गावातील मुलांना पुराच्या गोष्टींचे काय प्रयोजन, असा एक प्रश्न असतो. कोवळ्या वयात बुडण्याच्या आणि सर्पदंशाच्या कथा वाचून मुले भेदरतील, अशी काहींना काळजी वाटते. पोहणे किंवा रानातली वाट ओळखणे थोरांच्या हाताखाली शिकायचे असते, ते पुस्तकातून येत नाही, हेही ठामपणे सांगितले जाते. शिवाय मराठीत शूर मुलांच्या साहसकथांना तोटा नाही, मग आणखी काय हवे, अशी पृच्छा होते. या चारही म्हणण्यांत सत्याचा अंश आहे, म्हणूनच ती तपासून पाहणे आवश्यक ठरते.

पहिले म्हणणे भूगोलाच्या अपुऱ्या कल्पनेवर उभे आहे. पूर म्हणजे पात्र सोडून गावात शिरलेली महानदी, असे चित्र वृत्तपत्रांतील छायाचित्रांनी मनात ठसवले असले तरी वाशीम जिल्ह्यातील पावसाळ्याचे पाणी बहुधा वेगळ्या रीतीने वागते. कारंजा तालुक्यातून वाहणारी अडाण ही पैनगंगेच्या खोऱ्यातील नदी आणि तिला मिळणारे लहानमोठे नाले वर्षातील बराच काळ क्षीण किंवा कोरडे असतात. परंतु पाणलोट क्षेत्रात, म्हणजे ज्या भूभागावर पडलेले पाणी उताराने एकाच प्रवाहात येऊन मिळते त्या भागात, जोराची सर कोसळली की तेच नाले थोड्या वेळात फुगतात. काळी माती पुरेशी भिजली की फुगते, तिच्या भेगा मिटतात आणि नंतरचे पाणी जिरण्याऐवजी पृष्ठभागावरून धावू लागते. खालचा बेसॉल्ट खडकही ते सहज मुरू देत नाही. त्यामुळे डोक्यावर ऊन पडलेले असताना, वरच्या अंगाला झालेल्या पावसाचा लोंढा शाळेच्या वाटेवरील रपट्यावर, म्हणजे नाल्याच्या तळालगत बांधलेल्या बुटक्या पुलावर, येऊन आदळू शकतो. आभाळ पाहून पाण्याचा अंदाज बांधणाऱ्या मुलाला हे ठाऊक नसेल, तर त्याच्या दृष्टीने तो नाला महानदीपेक्षा अधिक फसवा ठरतो. वाहत्या पाण्याचा वेग दुप्पट झाला की त्याचा रेटा चौपट होतो. जोराने धावणारे जेमतेम 15 सेंटिमीटर पाणी मोठ्या माणसाचे पाय उखडू शकते आणि 30 सेंटिमीटर पाणी लहान मोटार तरंगवून वाहून नेऊ शकते. घोट्यापेक्षा थोडेसेच वर चढलेले पाणी पाहून ‘एवढ्याने काय होते’ असे म्हणणाऱ्याला हे आकडे ठाऊक नसतात.

कारंज्याचा महापुराशी संबंध नाही, हे तर सांस्कृतिकदृष्ट्याही खरे नाही. श्रीनृसिंहसरस्वतींचे जन्मस्थान म्हणून हे गाव दत्तभक्तांना वंदनीय आहे आणि त्यांची पुढील स्थाने नदीकाठावरच वसलेली आहेत: औदुंबर कृष्णेच्या काठी, नृसिंहवाडी कृष्णा-पंचगंगेच्या संगमावर, गाणगापूर भीमा-अमरजेच्या संगमापाशी. नृसिंहवाडीत पावसाळ्यात नदीचे पाणी मंदिरात शिरून पादुकांवरून वाहत दक्षिणेच्या दाराने बाहेर पडते, त्याला दक्षिणद्वार सोहळा म्हणतात आणि त्या वेळी भाविक तेथे स्नान करतात. या परंपरेत श्रद्धेइतकेच पाण्याचे ज्ञानही आहे, कारण पाणी कोणत्या पायरीपर्यंत चढले की उत्सवमूर्ती हलवायची आणि दुकाने कधी उचलायची, याची समज तेथील लोकांनी पिढ्यान्‌पिढ्या जोपासली आहे. कारंज्यातील गुरुमंदिराच्या छायेत वाढणारे आणि आईवडिलांबरोबर नृसिंहवाडीला जाणारे मूल या सोहळ्याची कथा ऐकते. त्याच पंचगंगा-कृष्णेने 2005, 2019 आणि 2021 या वर्षी शिरोळ तालुक्यात काय हाहाकार केला, हे त्या कथेला जोडून त्याला सांगण्यात श्रद्धेचा अवमान नाही. विदर्भापुरते बोलायचे तर 30 जुलै 1991 रोजी वर्धा नदीच्या पुराने नरखेड तालुक्यातील मोवाडमध्ये दोनशेहून अधिक माणसांचा बळी घेतला. पानशेत धरणफुटीच्या 12 जुलै 1961 च्या प्रलयाइतकेच मोवाडचे नावही विदर्भातील मुलांच्या वाचनात यायला हवे.

पश्चिम विदर्भात अलीकडे पाण्याचे आणखी एक रूप घराच्या अगदी जवळ आले आहे, ते म्हणजे शेततळे. राज्य शासनाने 2016 मध्ये ‘मागेल त्याला शेततळे’ ही योजना आणली आणि वाशीम जिल्हा ज्यात समाविष्ट आहे त्या नानाजी देशमुख कृषी संजीवनी प्रकल्पातूनही शेततळ्यांना साहाय्य मिळाले. संरक्षित सिंचनासाठी, म्हणजे पावसाने ओढ दिली असता पिकाला एखाददुसरे पाणी देता यावे यासाठी, ही तळी मोलाची आहेत, याबद्दल दुमत नाही. परंतु पाणी मुरू नये म्हणून ज्यांच्या तळाशी आणि उतरत्या बाजूंवर प्लास्टिकचा कागद अंथरलेला असतो, त्यांत घसरलेल्या मुलाला पकडण्यास मुळे नसतात, दगड नसतात आणि पायाला आधार नसतो. ओला कागद शेवाळाने अधिकच निसरडा होतो आणि चांगल्या पोहणाऱ्यालाही काठावर चढणे अशक्य होऊन बसते. भोवती कुंपण, काठाला पक्क्या खुंट्यांना बांधून पाण्यात सोडलेले गाठींचे दोर आणि टायरची फुगवलेली ट्यूब किंवा बूच लावलेली रिकामी कॅन, इतक्या साध्या साधनांनी हा धोका पुष्कळ कमी होतो. परीकथेतील तळ्यात कमळे असतात आणि हंस विहरतात, ते सुंदरच आहे. पण ज्या तळ्याच्या काठाने मूल रोज बकऱ्या घेऊन जाते त्या तळ्याचे वर्णन त्याच्या पुस्तकात सापडत नसेल, तर ती उणीव लेखकांची आणि प्रकाशकांची आहे.

दुसऱ्या, म्हणजे भयाच्या आक्षेपाला फार वेळ देण्याचे कारण नाही. भय हे पूर्वीपासून बालकथेचे द्रव्य आहे, आणि मुलाला खचवणारी गोष्ट असते ती भयातून बाहेर पडण्याचा मार्ग न दाखवता केलेले वर्णन. रस्किन बाँड यांच्या ‘अँग्री रिव्हर’ या छोट्या इंग्रजी कथेतील सीता नदीतल्या बेटावर एकटी असताना पूर येतो, ती पिंपळावर चढते, पुढे तो वृक्षच उन्मळून वाहू लागतो आणि नावेतून आलेला मुलगा तिला उचलून घेतो. कथेत भीती आहे, तशीच उंच जागा गाठण्याची कृतीही आहे, आणि लहान वाचक ही कृतीच आपल्याबरोबर घेऊन जातो.

साहसकथा पुरेशा आहेत, या म्हणण्याचा विचार मात्र सावकाश केला पाहिजे, कारण या कथांचे सामर्थ्य मोठे आहे आणि त्यांतील चूकही तेवढ्याच सामर्थ्याने रुजते. मार्जोरी किनन रॉलिंग्ज यांच्या ‘द यर्लिंग’ या पुलित्झरप्राप्त कादंबरीचा राम पटवर्धन यांनी केलेला ‘पाडस’ हा अनुवाद मराठीतील अत्यंत प्रिय पुस्तकांपैकी एक आहे आणि तो तसा असणे न्याय्य आहे. फ्लोरिडाच्या झुडपी रानातील कित्येक दिवसांचा पाऊस, पाण्याखाली गेलेली जमीन, पुरानंतर मरून पडलेली जनावरे आणि मागाहून हरणांत पसरलेला रोग यांचे जे चित्र त्यात आहे, ते पूर ओसरल्यावरही संकट संपत नाही हे इतक्या सच्चेपणाने सांगते की कोणत्याही शालेय धड्याने त्याचा हेवा करावा. मात्र याच कादंबरीत ज्योडी या बालनायकाच्या वडिलांना विषारी साप चावतो तेव्हा ते एका हरिणीला मारून तिचे काळीज जखमेवर दाबून धरतात. ती कथा एकोणिसाव्या शतकातील आहे, प्रतिविष उपलब्ध होण्यापूर्वीची आहे आणि त्या माणसाने त्या काळात तसे करणे कथेच्या दृष्टीने पूर्णपणे खरे आहे. परंतु दर पावसाळ्यात सर्पदंश घडणाऱ्या भागातील बारा वर्षांच्या वाचकाला त्या प्रसंगातून विष ओढून काढता येते असा ग्रह होणे स्वाभाविक आहे, आणि तो ग्रह जिवावर बेततो.

यावर ‘पाडस’मधील ते पान गाळावे असे सुचवणे अडाणीपणाचे ठरेल. उपाय असा की त्याच्या शेजारी दुसरे पुस्तक ठेवावे, ज्यात नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे हे चार साप कथेतील पात्रांना भेटतील. मण्याराचा दंश रात्री, जमिनीवर झोपलेल्या माणसाला, पुष्कळदा वेदनेविना होतो हे उलगडेल. आणि जखम कापणे, चोखणे, करकचून बांधणे यांपैकी काहीही न करता, दंश झालेला अवयव स्थिर ठेवून, मांत्रिकाकडे न थांबता थेट शासकीय रुग्णालय गाठल्यामुळे एखादे पात्र वाचेल. पुराच्या पाण्याने बिळे भरली की साप उंच, कोरड्या जागी येतात, म्हणजे माणसे आसरा घेतात तेथेच. कथानकाला याहून अधिक ताण देणारी वस्तुस्थिती शोधूनही सापडणार नाही.

मराठी शौर्यकथेतील दुसरा दोष अधिक खोल आहे. भारतात 1957 पासून बालवीरांना राष्ट्रीय पातळीवर गौरवले जाऊ लागले आणि बुडणाऱ्याला वाचवण्यासाठी पाण्यात झेपावणारे मूल हे वीरकथांचे ठरलेले चित्र बनले. त्या मुलांचे धैर्य शंकेपलीकडचे आहे. तथापि कथा उडीपाशी इतकी रेंगाळते की उडीवाचून सुटका करता येते, हे वाचकाला उमगतच नाही. बुडणारा माणूस घाबरून जवळ आलेल्याला मिठी मारतो आणि दोघेही खाली जातात. म्हणून बचावाचा मान्य क्रम असा आहे की आधी हाका मारून माणसे जमवावीत, मग काठावर पालथे पडून काठी, दोर, धोतर किंवा साडी पुढे करावी, तेही जमत नसेल तर तरंगणारी वस्तू फेकावी, आणि पाण्यात उतरणे प्रशिक्षित माणसावर सोडावे. काठावर थांबून दोर फेकणारी मुलगी नायिका झाली, तर मराठी साहसकथेचा नैतिक दर्जा घसरणार नाही. शौर्यात विचाराचा समावेश होऊन तो वाढेल. भा. रा. भागवतांचा फास्टर फेणे धाडसी आहे, पण त्याची बरीचशी कामगिरी चौकस नजर आणि चटकन लढवलेली युक्ती यांवर उभी आहे, आणि हे अंग पुढे नेण्याजोगे आहे.

कौशल्य पुस्तकातून येत नाही, हे म्हणणे अर्धे मान्यच केले पाहिजे. पोहायला पाण्यातच शिकावे लागते. तरीही ‘श्यामची आई’मध्ये पोहायला जाण्याचे टाळून लपून बसलेल्या श्यामला त्याची आई मारते तो प्रसंग वाचून मुलांच्या कित्येक पिढ्यांच्या मनात पोहणे शिकलेच पाहिजे ही जाणीव उतरली, म्हणजे पुस्तकाने पोहणे शिकवले नसले तरी शिकण्याची निकड पटवून दिली. आजच्या पुस्तकाने त्यात एवढी भर घालावी की विहिरीच्या स्थिर पाण्यात पोहता येणे आणि पुराच्या धारेत तग धरणे या भिन्न गोष्टी आहेत. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार 2021 मध्ये जगात सुमारे 3 लाख माणसे बुडून मृत्यू पावली आणि त्यांपैकी जवळपास चौथा हिस्सा पाच वर्षांखालील बालकांचा होता. या वयाचे मूल स्वतः वाचू शकत नाही, म्हणून त्याच्यासाठी लागते ते मोठ्यांनी वाचून दाखवायचे चित्रपुस्तक, जे वाचता वाचता वाचणाऱ्या आजीचे लक्ष अंगणातील उघड्या हौदाकडे आणि पाण्याने भरलेल्या बादलीकडे जाईल.

अशा पुस्तकाचा आराखडा कारंज्याच्या परिसरातच तयार आहे. एका नाल्याचे उगमापासून अडाणपर्यंतचे वर्ष, त्यातील कोरडा उन्हाळा, पहिला लोंढा, रपट्याच्या खांबावर मुलांनीच रंगवलेली पाणीपातळीची खूण, आणि कारंजा-सोहोळ काळवीट अभयारण्याच्या मोकळ्या माळावर वीज चमकल्यावर गडगडाट ऐकू येईपर्यंत सेकंद मोजून, दर तीन सेकंदांना एक किलोमीटर या हिशोबाने, ढग किती जवळ आला हे ताडणारी आणि झाडाखाली न थांबता पक्क्या घराकडे धावणारी दोन भावंडे, एवढ्या सामग्रीवर कादंबरी उभी राहू शकते. या गावातील जैन ग्रंथभांडारांनी शतकानुशतके हस्तलिखिते जपली आणि त्यांतील अपभ्रंश काव्ये 1930 च्या दशकात कारंजा जैन ग्रंथमालेतून विद्वानांसमोर आली. तेव्हा ग्रंथनिर्मिती ही येथे नवी गोष्ट नाही.

इतके स्थानिक पुस्तक कारंज्याबाहेर कोण वाचणार, ही शेवटची शंका उरते. तिचे उत्तर ‘पाडस’च देते. फ्लोरिडातील रानाच्या एका तुकड्यावर, तेथील झाडेझुडपे, जनावरे आणि पाऊस यांच्या काटेकोर तपशिलांवर लिहिलेली ती कादंबरी तो प्रदेश कधी न पाहिलेल्या मराठी वाचकांनी आपली मानली, आणि ती आपली वाटली ती त्या तपशिलांच्या खरेपणामुळेच.