नावातील ‘या’ आणि आडनावातील ‘कर’

रोहे तालुक्यातील एक कुटुंब गेल्या महिन्यात आमच्याकडे सल्ल्यासाठी आले होते. धम्मदीक्षा घेऊन त्यांस अद्याप वर्षही झालेले नाही. जयभीम झाला, चहा झाला, आणि नातवाने विषय काढला. “वकीलसाहेब, आम्हांला आडनाव बदलून ‘गौतम’ असे लावायचे आहे. कागद करून द्या.” आम्ही कागदपत्रे चाळीत असता कोपऱ्यात बसलेल्या आजोबांनी हळूच विचारले, “साहेब, सातबाऱ्यावर माझे नाव ‘धोंड्या’ असे आहे. त्यातला तेवढा ‘या’ काढता येईल का?”

नातवाचा प्रश्न मोठा वाटतो व आजोबांचा लहान. आमच्या मते वास्तविक गोष्ट उलट आहे, आणि म्हणूनच नवदीक्षित कुटुंबांसाठी हा विषय येथे मांडीत आहोत.

नावाचा प्रश्न हा केवळ आवडीनिवडीचा प्रश्न आहे असे ज्यांस वाटते, त्यांनी मनुस्मृतीचा दुसरा अध्याय उघडून पाहावा. ब्राह्मणाचे नाव मंगलसूचक असावे, क्षत्रियाचे बलसूचक, वैश्याचे धनसूचक आणि शूद्राचे मात्र निंदासूचक असावे, असा तेथे स्पष्ट दंडक आहे. पुढच्याच श्लोकात शूद्राच्या नावाचा उत्तरभाग दास्य दाखविणारा असावा, असेही सांगितले आहे. बारशाच्या दिवशीच मुलाची समाजातील पायरी ठरवून टाकण्याची ही व्यवस्था होती. हा ग्रंथ २५ डिसेंबर १९२७ रोजी आपल्याच जिल्ह्यात, महाड येथे, बाबासाहेबांच्या नेतृत्वाखाली जाळण्यात आला. ग्रंथ जळाला, परंतु त्यातील नावे तलाठ्याच्या दप्तरात राहिली.

येथे एक आक्षेप येईल, आणि तो खरा आहे. धोंडू, दगडू, केरू, कचरू ही नावे केवळ आपल्याच वस्तीत ठेवीत असत असे नाही. मुले जगत नसत, तेव्हा मृत्यूची दृष्ट लागू नये म्हणून आईबाप मुलाला दगडाचे किंवा कचऱ्याचे नाव देत. ही समजूत सर्व जातींत होती. महर्षी कर्वे यांचे नाव धोंडो केशव असेच होते. परंतु एका घरचा धोंडो मोठा झाला की ‘धोंडोपंत’ होई आणि दुसऱ्या घरचा साठ वर्षांचा झाला, नातवंडांचा आजा झाला, तरी ‘धोंड्या’च राही. दगड दोन्ही घरी सारखाच. भेद होता तो शेवटच्या प्रत्ययाचा. पंत, राव, जी, बा हे प्रत्यय मान देतात. ‘या’ हा प्रत्यय मूल लाडके असेल तर प्रेमाचा आणि माणूस परका असेल तर तुच्छतेचा. सरकारी नोंदवहीत तो प्रेमाने लिहिला गेला नव्हता, हे सांगावयास पुरावा नको.

मुलींच्या बाबतीत तर हा अन्याय घरचेच लोक करीत. मुलगा हवा असता मुलगी झाली की तिचे नाव ‘नकोशी’. २०११ साली सातारा जिल्ह्यात अशा दोनशेहून अधिक मुलींची नावे समारंभपूर्वक बदलण्यात आली. म्हणजे हा प्रकार आमच्या डोळ्यांदेखतचा आहे.

आता आडनावाकडे वळू. पेण आणि रोहे या दोन गावांत फिरून पाट्या वाचल्या तर आडनावांचा इतिहास आपोआप उलगडतो. देशमुख, देशपांडे, चिटणीस, कुलकर्णी ही अधिकाराची नावे. वतने कायद्याने गेली, नावे राहिली. आपल्याही पूर्वजांकडे वतन होते. गावाच्या वेशीचे रक्षण, सरकारी खजिना व टपाल पोहोचविणे, हद्दीची साक्ष, मेलेली ढोरे ओढणे, अशी कामे त्या वतनात होती. हे वतन नष्ट करणारा कनिष्ठ गावकामगार वतनांचा कायदा १९५८ साली झाला. परंतु त्यांच्या वतनाने त्यांस आडनाव मिळाले. आमच्या वतनाने आम्हांस जात मिळाली. जुन्या नोंदींत माणसाचे नाव, बापाचे नाव आणि आडनावाच्या जागी ‘महार’, अशी ओळ आजही पाहावयास मिळते. क्वचित ‘नाक’ हा प्रत्यय दिसतो. १ जानेवारी १८१८ च्या लढाईच्या कोरेगाव येथील स्तंभावरही तो अनेक नावांच्या शेवटी कोरलेला आहे. तो ‘नाग’वरून आला की ‘नायक’वरून, यासंबंधी अभ्यासकांत एकमत नाही. तुच्छतेचा मात्र तो खचित नव्हता. ‘नाक’ गळून ‘या’ उरला, ही आमची खरी हानी.

राहिले ‘कर’. कोकणात गावाच्या नावापुढे ‘कर’ लावले की आडनाव तयार होते. पेणकर, रोहेकर, अष्टमकर ही नावे त्यांतलीच. या नावांची गंमत अशी की ती जात सांगत नाहीत. केवळ गाव सांगतात. याचा उत्तम दाखला याच भागातील बेने इस्रायल समाजाने घालून दिला आहे. अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर गलबत फुटून आपले पूर्वज येथे आले, अशी त्यांची परंपरा सांगते. तेल गाळण्याचा धंदा आणि शनिवारी घाणा बंद. म्हणून लोक त्यांस ‘शनिवार तेली’ म्हणत. पेणमध्ये त्यांचे प्रार्थनामंदिर आहे. पेणकर, रोहेकर, वाकरूळकर, अष्टमकर, किहीमकर ही त्यांची आडनावे. मुंबईत १७९६ साली ज्यांनी त्या समाजाचे पहिले प्रार्थनामंदिर बांधले, ते सामाजी हसाजी दिवेकर, म्हणजेच सॅम्युअल इझिकेल. पुढे शिक्षण वाढले, आपल्या धर्मग्रंथांची ओळख नव्याने झाली, तसतसे घराघरांतील ‘सामाजी’ हे ‘सॅम्युअल’ झाले आणि ‘हसाजी’ हे ‘इझिकेल’ झाले. आडनाव मात्र अनेकांनी टाकले नाही. १९४८ नंतर त्यांतील बहुसंख्य लोक इस्रायल देशात गेले, तेथेही अनेक पेणकर हे पेणकरच राहिले. स्वतःचे नाव आपल्या धर्माचे आणि आडनाव आपल्या मातीचे, अशी वाटणी त्यांनी केली. आम्हांस ती फार समंजस वाटते.

खुद्द बाबासाहेबांचे उदाहरण घ्या. त्यांच्या घराण्याचे मूळ आडनाव सकपाळ. मंडणगड तालुक्यातील आंबडवे या गावावरून आंबडवेकर झाले, आणि आंबेडकर हे आडनाव शाळेतील एका शिक्षकाने दिले, असे चरित्रकार सांगतात. ७ नोव्हेंबर १९०० रोजी सातारच्या शाळेच्या पटावर त्यांचे नाव ‘भिवा’ असे लागले. त्या भिवाचा भीमराव झाला. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी दीक्षा घेतल्यावर त्यांनी ना भीमराव हे नाव टाकले, ना आडनाव. त्यांनी दिलेल्या २२ प्रतिज्ञांतही नाव बदलण्याची आज्ञा नाही. दीक्षेनंतर ज्यांनी आडनाव बदलले नाही, त्यांची दीक्षा अपुरी राहिली असे कोणी म्हणत असेल तर ते निराधार आहे.

मग भगवान बुद्धांनी नद्यांचा जो दृष्टान्त दिला त्याचे काय, असे कोणी विचारील. गंगा, यमुना, अचिरवती, शरयू, मही या नद्या महासागरास मिळाल्या की आपले पूर्वीचे नाव टाकतात; तसे चारी वर्णांचे लोक संघात आले की पूर्वीचे नाव व गोत्र टाकतात. दृष्टान्त खरा आहे. आमची भोगावती आणि कुंडलिकाही समुद्राला मिळाल्यावर वेगळ्या दाखविता येत नाहीत. परंतु तो संघात प्रविष्ट होणाऱ्यांविषयी सांगितलेला आहे आणि त्यात जे टाकावयाचे ते उच्चनीचतेचे चिन्ह. गावाचे नाव हे उच्चनीचतेचे चिन्ह नव्हे.

मुंबईत खोली मिळावी म्हणून जे आडनाव झाकतात किंवा दुसऱ्या जातीचे भासेल असे आडनाव लावतात, त्यांस नावे ठेवण्यास आम्ही धजत नाही. दार तोंडावर आपटल्याचा अनुभव ज्यास आहे, त्यास उपदेश करणे सोपे आहे. तथापि असे घेतलेले नाव पुढच्या पिढीस रोज एक खोटे बोलावयास लावते, हे आम्ही न्यायालयाच्या आवारात पुष्कळदा पाहिले आहे.

आता कायद्याची बाजू. नाव बदलण्यास न्यायालयाचा हुकूम लागत नाही. प्रतिज्ञापत्र करून शासनाच्या राजपत्रात जाहिरात द्यावी लागते. खरी अडचण पुढे येते. १९९० च्या दुरुस्तीपासून बौद्धांस अनुसूचित जातीचे संरक्षण केंद्रातही मिळते. परंतु २००१ च्या महाराष्ट्र अधिनियम क्रमांक २३ अन्वये जातीचा दाखला पडताळून घ्यावा लागतो आणि त्यासाठी वडिलांकडील पूर्वजांचे जुने कागद दाखवावे लागतात. १० ऑगस्ट १९५० पूर्वीचा कागद असेल तर तो सोन्यासारखा जपावा. आजोबाचे आडनाव एक, बापाचे दुसरे आणि मुलाचे तिसरे असे झाले की आपण आपल्याच आजोबाचे नातू आहोत हे सिद्ध करण्यात उमेदीची वर्षे जातात. ज्या ओळीत ‘महार’ लिहिले आहे ती ओळ पाहून मन पेटते हे खरे; पण तीच ओळ आज आमच्या हक्काची साक्षीदार आहे. ती खोडू नये.

नवीन मुलांचे मात्र काम सोपे आहे. जन्मनोंदीत मुलाचे नाव १२ महिन्यांच्या आत विनाशुल्क आणि १५ वर्षांपर्यंत शुल्क भरून घालता येते. तेव्हा ‘बाळ’ असे लिहून कोणी थांबू नये. पंचांग, रास, आद्याक्षर यांची गरज नाही. त्रिशरण-पंचशील म्हणावे आणि नाव ठेवावे. सुजाता, विशाखा, मिलिंद, राहुल, आनंद अशी कितीतरी नावे आहेत. मिलिंद हा ग्रीक राजा मिनँडर, ज्याने भिक्खू नागसेनास प्रश्न विचारले. बाबासाहेबांनी औरंगाबादच्या महाविद्यालयास त्याचे नाव मुद्दाम दिले. प्रश्न विचारणाऱ्याचे नाव मुलास ठेवणे आम्हांस विशेष आवडते. आणि लग्नानंतर सुनेचे नाव बदलण्याची जुनी रीत बौद्ध घरात तरी चालवू नये. कायदा तशी सक्ती कोठेही करीत नाही.

त्या रोह्याच्या कुटुंबास आम्ही आडनाव ठेवण्याचा सल्ला दिला. नातवाने तो थोड्या नाराजीने मानला. आजोबांच्या नावाचा अर्ज मात्र अजून आमच्या टेबलावर पडून आहे. ‘या’ काढल्यावर काय लिहावयाचे, यावर घरात एकमत नाही. आजोबांस ‘धोंडीराम’ हवे आहे. त्यात राम आहे, तो नको, असे नातू म्हणतो. आजोबांचे म्हणणे असे की बाबासाहेबांच्या वडिलांचे नाव रामजी होते.