कानात सांगितलेलं नाव

यंदाच्या दिवाळी अंकासाठी ‘नाव’ हा विषय ठरला, तेव्हा नावांचे अर्थ, आडनावांची मुळं, कुळकथा असं पुष्कळ साहित्य येणार हे दिसतच होतं. आलंही. ते वाचताना मन मात्र एकाच प्रश्नाशी अडून राहिलं : नाव ठेवण्याचा अधिकार कोणाचा?

आपल्याकडे बाराव्या दिवशी पाळण्यावर वाकून बाळाच्या कानात नाव सांगते ती आत्या. केवढा मोठा मान! पण त्या आत्याचं स्वतःचं नाव लग्नात पुसलं जाई. ताटात तांदूळ पसरायचे, त्यांत अंगठीनं नवं नाव लिहायचं, की माहेरची मुलगी संपली. मणिकर्णिका तांबे झाशीला लक्ष्मीबाई झाल्या. मनू गोखले लक्ष्मीबाई टिळक झाल्या. यमुना कुर्लेकर रमाबाई रानडे झाल्या. यमुना जोशी गोपाळरावांच्या घरी आनंदी झाली आणि १८८६ साली अमेरिकेत डॉक्टर झाली तीही सासरच्याच नावानं. १८९३ मध्ये धोंडो केशव कर्व्यांनी गोदूबाईंशी पुनर्विवाह केला. विधवेशी लग्न केलं म्हणून मुरूडकरांनी त्यांना वाळीत टाकलं. इतक्या धाडसाच्या त्या लग्नातही गोदूबाईंच्या आनंदीबाई झाल्याच. ज्या स्त्रियांचं नाव आपण आदरानं घेतो, त्यांतल्या कितीजणींचं ते नाव आईवडिलांनी ठेवलेलंच नाही, याची मला खंत वाटते.

याच मातीत एके काळी राजे आईच्या गोत्रावरून ओळखले जात. गौतमीपुत्र सातकर्णी, वासिष्ठीपुत्र पुळुमावी. नाशिकच्या लेण्यात गौतमी बलश्रीनं नातवाच्या कारकिर्दीत आपल्या मुलाच्या पराक्रमाचा लेख कोरवून घेतला, तो आजही तिथे आहे. म्हणून १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदांवर मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव, हा महाराष्ट्र शासनाचा निर्णय परका वाटायचं काही कारण नाही. उशीर झाला, एवढंच.

घानातल्या अकान लोकांत बाळ ज्या वारी जन्मलं त्या वाराचं नाव त्याला आपोआप मिळतं. शुक्रवारचा मुलगा कोफी, शनिवारचा क्वामे. कोफी अन्नान आणि क्वामे एन्क्रुमा यांची नावं त्यांच्या जन्मवाराचीच. मुलींनाही अशीच वाराची नावं असतात. तिथे हे पहिलं नाव कोणाच्या मर्जीवर अवलंबून नसतं.

मर्जी सत्तेची झाली, तर काय होतं ते बल्गेरियानं पाहिलं. १९८४-८५ च्या हिवाळ्यात तिथल्या कम्युनिस्ट राजवटीनं लाखो तुर्कांना आपली नावं सोडून बल्गेरियन नावं घ्यायला लावली. दप्तरात मेलेल्यांचीही नावं बदलली. १९८९ मध्ये तीन लाखांहून अधिक माणसं तुर्कस्तानात निघून गेली. राजवट कोसळल्यावर जुनी नावं परत घेण्याची मुभा कायद्यानं द्यावी लागली.

आपल्याकडे तर सक्ती करायला सरकारही लागलं नाही. मूल जगावं, त्याला दृष्ट लागू नये, म्हणून धोंडू, दगडू, केरबा अशी नावं ठेवत. त्या ओबडधोबड नावांमागे माया होती. ‘नकुशी’ या नावामागे ती नव्हती. मुलगा हवा असताना पुन्हा मुलगी झाली, हे त्या पोरीला जन्मभर हाकेहाकेला ऐकावं लागे. २०११ साली सातारा जिल्ह्यात अशा २८५ मुलींचं जाहीर समारंभात नव्यानं नामकरण झालं. काहींनी आपलं नाव स्वतः निवडलं. नाव बदलल्यानं घरातली वागणूक लगेच बदलते असं नाही. तरी शाळेच्या हजेरीत रोज पुकारला जाणारा नकार थांबला, ही गोष्ट मला फार मोठी वाटते.

त्या मुलींपैकी थोरल्या आता आई होण्याच्या वयाच्या आहेत. नव्या नियमानं त्यांच्या मुलांच्या दाखल्यावर वडिलांच्या आधी त्यांचं नाव लागेल, आणि काहींच्या बाबतीत ते त्यांनी स्वतः निवडलेलं असेल.