आवाजालाही नाव असते!

गेल्या स्नेहसंमेलनात आमच्या शाळेतल्या आठवीच्या मुलींनी एक नाटुकले बसवले होते. त्यात एक म्हातारी चिमणी होती. चिमणी पुठ्ठ्याची, ती दोऱ्याने हलायची आणि तिच्या वतीने बोलायची विंगेत उभी असलेली एक बारीकशी मुलगी. त्या चिमणीने सारे सभागृह हसवले आणि शेवटी पुढच्या रांगेतल्या आज्यांना डोळ्यांना पदर लावायला लावला. दुसऱ्या दिवशी ती मुलगी छापील कार्यक्रमपत्रिका हातात घेऊन शिक्षकांच्या खोलीच्या दारात उभी राहिली.

"सर, यात माझं नाव कुठंय?"

पत्रिका मीच तयार केली होती. पडदा ओढणाऱ्या शिपाईमामांचे नाव तीत होते, पुठ्ठा देणाऱ्या दुकानदाराचे होते, हिचे नव्हते. आणि मी, कादंबऱ्या लिहिणारा, शब्दांना जपणारा म्हणवणारा माणूस, काय बोलून गेलो? "अगं, पण तू स्टेजवर आलीस कुठं?"

ती काही न बोलता निघून गेली. माझे वाक्य मात्र खोलीतच राहिले. हा लेख त्या वाक्याविरुद्ध आहे. ते वाक्य मी उच्चारले असले, तरी मूळचे माझे नाही. चित्रपटांच्या आणि दूरदर्शन-मालिकांच्या मोठमोठ्या कंपन्यांनी ते साऱ्या जगाला पढवून ठेवले आहे.

तुमच्या घरातल्या मुलांना ट्वीटी नावाचे पिवळे पाखरू माहीत असेल. त्याच्यावर टपलेला सिल्व्हेस्टर बोका आणि छत्री उगारून बोक्याच्या पाठीस लागणारी आजीही माहीत असेल. ती आजी मूळ इंग्रजीत कोण बोलते, हे मात्र मुलांना विचारू नका. मुलांच्या बापांनाही विचारू नका. तिचे नाव जून फोरे. १९५५ पासून ती आजी या बाईंच्या गळ्यातून बोलू लागली. २०११ साली नवी मालिका निघाली तेव्हाही आजी बोलली ती त्यांच्याच आवाजात. त्या वेळी जूनबाई ९३ वर्षांच्या होत्या!

१८ सप्टेंबर १९१७ रोजी अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्स राज्यात, स्प्रिंगफील्ड गावी त्यांचा जन्म झाला. उंची पाच फुटांहूनही कमी. बाराव्या वर्षी त्या रेडिओवरच्या नाटकात बोलल्या. पुढे कुटुंब लॉस एंजलिसला गेले आणि तिथे रेडिओवर मुलांसाठी त्या स्वतःच गोष्टी लिहून सांगू लागल्या. रेडिओच्या त्या काळात कार्यक्रम थेट व्हायचा. एकाच नटाने एका पानावर सासू व्हायचे, पान उलटताच सून व्हायचे आणि मध्ये श्वास घ्यायलाही फुरसत नाही. या तालमीत जूनबाईंचा गळा घडला.

त्या गळ्याची करामत काय सांगावी! डिस्नेच्या १९५० च्या 'सिंड्रेला'मधला दुष्ट बोका लूसिफर त्यांचाच. १९५९ साली दूरदर्शनवर 'रॉकी' नावाची उडती खार अवतरली. ती भोळीभाबडी, धीट खार म्हणजे जूनबाई. आणि त्या खारीच्या जिवावर उठलेली, जाडसर परदेशी उच्चारांत बोलणारी हेर बाई नटाशा? तीही जूनबाईच! १९६४ पर्यंत ही मालिका चालली. म्हणजे पाच वर्षे या बाई स्वतःचाच पाठलाग करीत होत्या आणि स्वतःलाच गुंगारा देत होत्या. आणि ऐकणाऱ्याला त्याचा पत्ताही लागत नव्हता.

दुसरे उदाहरण याहून चमत्कारिक आहे. १९६० च्या सुमारास अमेरिकेत 'चॅटी कॅथी' नावाची बाहुली बाजारात आली. पाठीतली दोरी ओढली की ती लाडीक बोलायची. तो आवाज जूनबाईंचा. नोव्हेंबर १९६३ मध्ये 'द ट्वायलाइट झोन' या मालिकेत एका बोलक्या बाहुलीची भयकथा दाखवली गेली. ती बाहुली आपल्या छोट्या मालकिणीच्या सावत्र बापाला गोड आवाजात ठार मारण्याची धमकी देते. त्या बाहुलीलाही जूनबाईंनीच बोलते केले. गळा एक, गोडवा एक. पण एकीला मुली उशाशी घेऊन झोपल्या आणि दुसरीने मोठ्या माणसांची झोप उडवली. चेहऱ्यावरची एक सुरकुती न दाखवता हे ज्याला साधते, त्याला नट म्हणायचे नाही, तर कोणाला म्हणायचे?

आता विरुद्ध पक्षाचे म्हणणे ऐकू. त्यांचा पहिला मुद्दा माझाच आहे: जे दिसले नाही, तो अभिनय नव्हे. अहो, दिसणाऱ्या नटाला रंग आहे, पोशाख आहे, प्रकाश आहे, हाताचे हावभाव आहेत. एखादे वाक्य पडले तर एक भुवई उंचावून तो वेळ मारून नेतो. माइकपुढे उभ्या राहिलेल्या बाईपाशी काय आहे? एक कागद आणि एक श्वास. ज्याच्याजवळ साधने कमी, त्याचे श्रेय कमी, हा कुठला न्याय?

दुसरा मुद्दा असा की व्यंगपटात खरे काम चित्रकाराचे. आवाज काय, वरून चिकटवता येतो. इथे तर अज्ञानच आहे. अमेरिकन व्यंगपटांत सामान्यतः संवाद आधी ध्वनिमुद्रित होतात. मग ते पुनःपुन्हा ऐकून चित्रकार पात्राचे ओठ, डोळे आणि हातवारे रेखाटतो. म्हणजे आवाज चित्राच्या मागून येत नाही, चित्र आवाजाच्या मागून चालते. आजीची छत्री किती जोराने उगारायची, हे चित्रकाराने ठरवण्याआधी जूनबाईंच्या गळ्याने ठरवलेले असते.

तिसरा मुद्दा व्यवहारी माणसांचा. पैसे मिळाले ना? मग नावात काय आहे? याचे उत्तर वॉर्नर ब्रदर्सच्या व्यंगपटांच्या इतिहासातच आहे. तिथे मेल ब्लँक नावाचा थोर कलावंत डझनावारी पात्रांना आवाज देई. त्याने पगारवाढ मागितली, ती निर्मात्याने नाकारली. तेव्हा ब्लँक म्हणाला, निदान पडद्यावर नाव तरी द्या. नावाला पैसे पडत नाहीत, असे वाटून निर्मात्याने ते दिले. आणि काय झाले? त्या नावामुळे ब्लँककडे रेडिओची कामे चालून आली आणि १९४६ मध्ये त्याच्या नावाचा स्वतंत्र कार्यक्रम सुरू झाला. नाकारलेली पगारवाढ नावाने मिळवून दिली. तेव्हा नाव ही हौस नव्हे, ती भाकरी आहे. मात्र ब्लँकला मिळाले ते बाकीच्यांना कित्येक वर्षे मिळाले नाही. जूनबाईंच्या आधी ट्वीटीच्या आजीला बोलती करणारी बीआ बेनॅडरेट ही गुणी अभिनेत्रीही त्या बिननावांतलीच. यात ब्लँकचा दोष नाही. दोष त्याच्या एकट्याच्या नावावर सगळी खाती वळती करणाऱ्यांचा आहे.

१९६६ च्या नाताळात 'ग्रिंच'चा व्यंगपट अमेरिकेतल्या दूरदर्शनवर दाखवला गेला. त्यात नाताळ चोरायला आलेल्या ग्रिंचला निरागस प्रश्न विचारणारी चिमुकली सिंडी लू आहे. तो जूनबाईंचा आवाज. नामावलीत नाव नाही. त्यातले गाजलेले गाणे थर्ल रेव्हन्सक्रॉफ्ट याने गायले; त्याचेही नाव नाही. लोकांना वाटले, निवेदन करणारे बोरिस कार्लॉफच गात आहेत. मूळ पुस्तकाचे लेखक डॉक्टर स्यूस यांना वर्तमानपत्रांतल्या स्तंभलेखकांना पत्रे लिहून ही चूक सांगावी लागली. एक ओळ छापायची राहिली, ती पुसायला एवढा खटाटोप!

पुढे लोक जूनबाईंना कौतुकाने 'बायकांतला मेल ब्लँक' म्हणू लागले. वाचकहो, हे कौतुकही मला खटकते. प्रसिद्ध दिग्दर्शक चक जोन्स यांच्या नावावर त्याचे चोख उत्तर सांगतात: जून ही बायकांतली ब्लँक नव्हे, ब्लँक हाच पुरुषांतला जून फोरे!

या बाई रडत बसल्या नाहीत, हे मला विशेष वाटते. व्यंगपट करणाऱ्यांची संस्था हॉलिवुडात उभी करण्यात त्या पुढे होत्या. त्यांच्याच कल्पनेतून १९७२ मध्ये 'ॲनी' पुरस्कार सुरू झाले. लांबीच्या व्यंगपटाला ऑस्करमध्ये स्वतंत्र स्थान हवे, म्हणून त्यांनी वर्षानुवर्षे अकादमीत तगादा लावला. २००२ साली तो पुरस्कार प्रथम दिला गेला, 'श्रेक' या चित्रपटाला. स्वतः त्यांना एमी मिळाले २०१२ मध्ये, ९४ व्या वर्षी! २६ जुलै २०१७ रोजी, शंभरी गाठायला दोन महिनेही उरले नसताना त्या गेल्या.

त्यांच्या कारकिर्दीतली एक गोष्ट मी विसरू शकत नाही. १९९८ च्या 'मुलान'मध्ये नायिकेची आजी आहे. तिचे बोलणे जूनबाईंचे आणि गाणे मार्नी निक्सन यांचे. या निक्सनबाई म्हणजे 'माय फेअर लेडी'त ऑड्री हेपबर्नसाठी, 'वेस्ट साइड स्टोरी'त नॅटली वुडसाठी गाऊनही पडद्यावर नाव न मिळालेल्या गायिका. आयुष्यभर दुसऱ्यांच्या चेहऱ्यामागे उभ्या राहिलेल्या दोन म्हाताऱ्या शेवटी एका म्हातारीत भेटल्या!

हे सारे अमेरिकेचे, आपल्याला काय त्याचे, असे म्हणणाऱ्यांना मी १९४९ च्या 'महल'ची आठवण देतो. त्यातल्या गाण्याने देश वेडा झाला आणि ध्वनिमुद्रिकेवर गायिकेचे नाव काय होते? 'कामिनी'! म्हणजे चित्रपटातल्या पात्राचे. लता मंगेशकरांचे नाव लोकांना चौकशी करकरून मिळवावे लागले. पुढे फिल्मफेअरच्या समारंभात पार्श्वगायकाला पुरस्कारच नाही, म्हणून तिथे गायला लताबाईंनी नकार दिला, तेव्हा कुठे १९५९ पासून तो पुरस्कार सुरू झाला. मागितल्याशिवाय आवाजाला नाव कोणी दिलेले नाही, न हॉलिवुडात, न मुंबईत.

आज हा प्रश्न अधिकच निकडीचा झाला आहे. आता यंत्राला माणसाचा आवाज थोडासा ऐकवला, की ते त्याची हुबेहूब नक्कल करते. याच धास्तीने २६ जुलै २०२४ रोजी, जूनबाईंच्या सातव्या स्मृतिदिनी, व्हिडिओ-खेळांना आवाज देणाऱ्या अमेरिकन कलावंतांनी संप पुकारला. पुढल्या वर्षी तो मिटला आणि यंत्राने नक्कल करण्यापूर्वी कलावंताची संमती हवी, असे ठरले. पण विचार करा, ज्याचे नाव कुठे लिहिलेच नाही, त्याची संमती मागायला कोणाच्या दारी जाणार? बिननावाचा आवाज म्हणजे बिनकुलपाचे घर.

म्हणून घरोघरच्या मंडळींना माझे एक मागणे आहे. यंदा दिवाळीच्या सुट्टीत मुलांबरोबर फराळाची ताटे घेऊन एखादा व्यंगपट पाहाल. तो संपला आणि नावे सरकू लागली, की लगेच बटण दाबू नका. एखादे नाव मोठ्याने वाचा आणि हीच ती आजी बरं का, म्हणून पोरांना सांगा.

आणि माझे? शाळेच्या दप्तरात त्या कार्यक्रमपत्रिकेची एक प्रत लावून ठेवली आहे. तिच्यात चिमणीपुढे मी त्या मुलीचे नाव शाईने लिहिले आणि तिला बोलावून दाखवले. तिने ते दोनदा वाचले. मग म्हणाली, "सर, वेलांटी चुकली."

चुकली होती. तिच्यासमोरच दुरुस्त केली.