अधीन राहून

दिवाळी अंकात कथा-कवितांच्या आणि भविष्याच्या आधी कायद्याचं बोलणं काहींना रुचणार नाही. पण आपल्याकडे सरकारी नोकरी एकट्याची नसते, सगळ्या घराची असते. ती मिळवायची कशी यावर पुस्तकांचे ढीग आहेत. जाते कशी, यावर फारसं कुणी लिहीत नाही.

ती दोन वाटांनी जाते. पहिली गैरवर्तनाची. तिथे घटनेचं कलम 311 नागरी सेवकाच्या पाठीशी आहे: आरोप कळवा, चौकशी करा, बाजू मांडू द्या, मगच बडतर्फ करा. 1976 च्या बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने शिक्षेबद्दल बोलण्याची दुसरी संधी काढून घेतली. तरी चौकशी करणारा आणि शिक्षा देणारा वेगळा असेल, तर अहवालाची प्रत आधी कर्मचाऱ्याला द्यावीच लागते, असं 1993 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने ठरवलं.

दुसरी वाट अपात्रतेची. राखीव जागेवर हक्कच नव्हता, तर नेमणूकच पोकळ. मग 311 कुठलं? 1977 पासून नोकरीत असलेल्या केरळमधल्या एका पोलीस अधिकाऱ्याला 2004 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हेच ऐकवलं. जातीच्या दाखल्यांसंबंधीच्या महाराष्ट्राच्या कायद्यातलं कलम 10 सांगतं की दाखला अवैध ठरला की नोकरी तत्काळ जाते. यासाठी फसवणुकीचा हेतू सिद्ध व्हावा लागत नाही, हे 2017 मध्ये भारतीय अन्न महामंडळाच्या खटल्यात स्पष्ट झालं.

मला हे पटतं. नंदुरबार-गडचिरोलीतल्या ज्या आदिवासी मुलाची जागा गेली, त्याला कुणी कारणे दाखवा नोटीससुद्धा दिली नव्हती.

पण मग खरी सुनावणी होते ती कार्यालयात नाही, जातीचा दाखला तपासणाऱ्या पडताळणी समितीपुढे. तिथे पुराव्याचा भार अर्जदारावर. निर्णयावर अपील नाही, थेट उच्च न्यायालय गाठायचं. आजोबांचा शाळेचा दाखला, कोतवाल बुकातली नोंद, 1950 पूर्वीचा एखादा पिवळा कागद, यांवर सगळी नोकरी टांगलेली. (कागद दफ्तरखान्यात सापडला तर!) दक्षता पथक घरी येऊन कुलदैवत विचारतं, लग्नातले विधी विचारतं, बोलीतले शब्द विचारतं. शहरात वाढलेली तिसरी पिढी इथे अडखळणारच. ही आप्तभाव चाचणी म्हणजे अंतिम कसोटी नव्हे, हे 2023 मध्ये ठाकूर जमातीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाला सांगावं लागलं.

याच समित्यांची चौकट 1994 च्या एका निकालाने आखून दिली होती. पथकाचा अहवाल विरोधात गेला तर त्याची प्रत जोडून नोटीस द्या, म्हणणं ऐका, आणि शक्यतो रोजच्या रोज काम चालवून दोन महिन्यांत चौकशी संपवा. दोन महिने! आपण काय केलं? नेमणुकीच्या आदेशात ‘जात वैधता प्रमाणपत्राच्या अधीन राहून’ एवढं टाइप केलं, माणूस रुजू करून घेतला आणि फाइल कपाटात ठेवली. तोवर बढत्या झाल्या, गृहकर्ज झालं, मुलांची लग्नं झाली. विदर्भातल्या हलबा-कोष्टींना ‘हलबा’ जमातीत धरायचं का, हा प्रश्न घटनापीठाने 2000 साली निकालात काढला: अनुसूचीतली नोंद जशी आहे तशीच वाचायची. त्यानंतर एकोणीस वर्षांनी, 2019 च्या डिसेंबरात, शासनाने जमातीचे दावे अवैध ठरलेल्या कर्मचाऱ्यांना अकरा महिन्यांच्या अधिसंख्य, म्हणजे मंजूर संख्येबाहेरच्या, पदांवर बसवलं. राखीव जागा मोकळी झाली, हे योग्यच. माणूस मात्र ना आत ना बाहेर.

पडताळणी रुजू होण्याआधीच पुरी व्हावी, यापेक्षा वेगळा उपाय मला दिसत नाही. त्यात खऱ्या आदिवासीची जागा वाचते आणि दावा फसलेल्याचं उमेदीचं वयही. शिवाय ज्या साहेबांच्या टेबलावर अशी फाइल वर्षानुवर्षं पडून राहिली, त्यांचीही एकदा विभागीय चौकशी होऊ द्या. त्यांना 311 चं पूर्ण संरक्षण आहेच.