कॅमेऱ्यापुढची संमती

छायाचित्र काढू दिले म्हणजे संमती दिली, असे सर्रास गृहीत धरले जाते. परंतु नकार देण्याची सोयच ज्याला नाही, त्याच्या मौनाला संमती म्हणता येईल काय? डोरोथिया लँग यांच्या ‘मायग्रंट मदर’ या जगद्विख्यात छायाचित्राचा इतिहास हा प्रश्न टाळू देत नाही.

अमेरिकेत ते महामंदीचे दिवस होते. मार्च १९३६ मध्ये कॅलिफोर्नियातील निपोमो येथे वाटाण्याचे पीक गारठ्याने बुडाले आणि तोडणीसाठी आलेले मजूर तळावर उपाशी अडकून पडले. सरकारी खात्यासाठी काम करणाऱ्या लँग यांनी तेथे ३२ वर्षांच्या एका मातेची, मुलांसह, काही छायाचित्रे घेतली. तिचे नाव आपण विचारले नाही, हे त्यांनी स्वतःच १९६० साली लिहिले. छायाचित्रे प्रसिद्ध झाल्यावर तळाकडे सुमारे २०,००० पौंड अन्न रवाना झाले. पण तोवर ते कुटुंब पुढे निघून गेले होते.

फ्लॉरेन्स थॉम्प्सन हे त्या स्त्रीचे नाव जगाला १९७८ साली कळले. या छायाचित्रातून आपल्याला एक पैही मिळाली नाही, ते काढले नसते तर बरे झाले असते, असे तिने तेव्हा सांगितले. अन्नासाठी गाडीचे टायर विकल्याची लँग यांनी नोंदविलेली हकीकतही कुटुंबाने नाकारली. चेहरा तिचा होता. त्याखालच्या मजकुरावर मात्र तिचा अधिकार नव्हता.

लँग यांचा हेतू वाईट नव्हता. चित्र सरकारी असल्याने त्यांनाही त्याचे मानधन लाभले नाही. म्हणूनच हे उदाहरण विचार करण्याजोगे आहे. अन्याय घडण्यास दुष्टपणाच लागतो असे नाही. कॅमेरा, चित्राची निवड आणि मजकूर हे सारे एकाच्याच हाती असले की पुरते.

हा प्रश्न नामवंत छायाचित्रकारांपुरताही नाही. आपल्याकडे शाळेत गरीब विद्यार्थ्यांना वह्या वाटताना दात्यासमवेत त्यांची छायाचित्रे काढली जातात. वहीसाठी हात पुढे केलेल्या त्या मुलाने ‘माझे चित्र नको’ असे कसे म्हणावे? चित्र कोठे जाणार, त्याखाली काय लिहिले जाणार, हे त्याला व पालकांना आधी सांगितले पाहिजे. आणि नकार दिला तरी वही मिळेल, ही हमीही दिली पाहिजे. एवढे न करता घेतलेल्या होकाराला संमती म्हणणे, ही निव्वळ स्वतःची समजूत घालणे होय.