झिजणारी फीत, निसटणारी स्मृती

जपानच्या फुनाई कंपनीने जुलै २०१६मध्ये व्हीसीआरचे उत्पादन थांबवले, तेव्हा त्या बातमीकडे एका कालबाह्य यंत्राची अखेर म्हणूनच पाहिले गेले. कॅसेटी मात्र घरोघरच्या कपाटांत तशाच राहिल्या.

चित्रपटकर्त्यांना या माध्यमाचे स्मृतीशी असलेले नाते फार आधी उमगले होते. फ्रेंच दिग्दर्शक ख्रिस मार्कर यांच्या १९८३च्या 'सां सोलेय' या चित्रपटात जपानमधील आंदोलनांची जुनी दृश्ये व्हिडिओ सिंथेसायझरमधून काढलेली दिसतात. त्यांचे रंग आणि आकार विरघळून जातात. भूतकाळ जसाच्या तसा परत मिळत नाही, याची ती कबुलीच होय. चिलीच्या पाब्लो लारेन यांनी २०१२च्या 'नो'मध्ये उलट वाट धरली. पिनोशे यांच्या सत्तेवरील १९८८च्या सार्वमताची ही कथा त्यांनी जुन्या यू-मॅटिक कॅमेऱ्यांवर चित्रित केली. परिणामी, त्या काळातील मूळ चित्रण आणि नवा अभिनय यांतील सांधा सहजी ओळखू येत नाही. पुसट रंग म्हणजे अस्सल आठवण, हा प्रेक्षकाचा समज किती भाबडा आहे, हेही त्यातून उघड होते.

तथापि, ही झीज केवळ सौंदर्याचा विषय नाही. व्हिडिओ फितीवरील चुंबकीय कण एका बंधकाने पट्टीला चिकटवलेले असतात. ओलाव्याने हे बंधक कमकुवत झाले की कण सुटू लागतात आणि त्यांबरोबर चित्रही जाते. मुंबई-कोकणच्या दमट हवेत बुरशीची भर पडते. ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय चित्रपट व ध्वनी संग्रहालयाने २०१५मध्येच अशा फिती वाचवण्यासाठी २०२५ची मुदत सांगितली होती. फिती खराब होत आहेत आणि त्या चालवणारी यंत्रे व ती दुरुस्त करणारे हातही दुर्मीळ होत आहेत, हे त्यामागचे कारण होते.

आपल्याकडे ऐंशी-नव्वदच्या दशकांतील लग्ने, बारशी, पथनाट्ये, सभा याच फितींवर आहेत. मार्कर यांच्या हाती सुस्थितीतील दृश्ये होती, म्हणूनच ती विरघळवण्याचे स्वातंत्र्य त्यांना मिळाले. कपाटात आपोआप पुसल्या जाणाऱ्या कॅसेटीच्या वाट्याला ती निवड येत नाही. झिजलेल्या चित्राचे कौतुक जरूर व्हावे. परंतु आधी त्याची डिजिटल प्रत निघायला हवी. अन्यथा उद्याच्या कलावंताला विरघळवण्यासाठीही काही उरणार नाही.