मूळच्या कुठल्या?

मनवेलपाड्यातल्या आमच्या महिला गटाच्या बैठकीत एक ठराव आला : आपल्या इमारतींत आफ्रिकन बायकांना भाड्याने खोली देऊ नये. ठराव मांडला तो नवऱ्याने टाकल्यावर खोलीसाठी स्वतः दहा दारं झिजवलेल्या बाईने! म्हणाली, "ताई, त्यांच्यामुळे वस्ती बिघडते." एम.एस.डब्ल्यू. होऊन इतकी वर्षं वस्तीत काम करते, पण त्या दिवशी मला पटकन उत्तर सुचलं नाही. म्हणून हे लिहिते आहे.

बेहरोझ श्रॉफ यांनी आपल्या देशातल्या सिद्दी समाजावर माहितीपट केले. २००५ सालच्या त्यांच्या एका माहितीपटाचं नावच 'वी आर इंडियन अँड आफ्रिकन' असं आहे. आम्ही भारतीय आणि आफ्रिकन. पिढ्यान् पिढ्या इथे राहिलेल्या माणसांना अजून हे सांगावं लागतं, कारण आपण त्यांना रंगावरून विचारतो, "मूळच्या कुठल्या?"

आफ्रिकन माणूस वसईला नवा नाही. १५३४ ते १७३९ इथे पोर्तुगीजांचं राज्य होतं, तेव्हा त्यांच्या घरांत आफ्रिकेतून आणलेले गुलाम राबत होते. गुलाम म्हणून विकला गेलेला मलिक अंबर पुढे निजामशाहीचा कर्ताधर्ता झाला. जंजिऱ्याला १९४८ पर्यंत सिद्दींचं राज्य होतं. नाशिकजवळ शरणपूरला मिशनऱ्यांनी गुलामगिरीतून सुटलेली आफ्रिकन मुलं सांभाळली. तिथे शिकलेला जेकब वेनराइट १८७४ साली लिव्हिंग्स्टनच्या शवाबरोबर इंग्लंडला गेला. ही सगळी पुरुषांची नावं. गुलाम बायकाही आणल्या होत्याच. त्यांनी दुसऱ्यांची घरं सांभाळली, दुसऱ्यांची मुलं वाढवली. त्यांच्यातल्या एकीचं तरी नाव आपल्याला सांगता येतं का?

गुजरातेतल्या जांबूरच्या हिराबाई लोबी या सिद्दी कार्यकर्तीला २०२३ साली पद्मश्री मिळाली, तेव्हा आपल्याला अभिमान वाटला. मग शेजारी खोली मागणाऱ्या बाईला नकार का?

कुणी म्हणेल, सिद्दी आपल्या, या परक्या; आणि यांच्यातली काही माणसं अमली पदार्थांच्या गुन्ह्यांत पकडली जातात. ज्याने गुन्हा केला त्याच्यावर खटला चालवा. पण नवऱ्याच्या करणीची शिक्षा बायकोला नको, असं आपण पोलीस चौकीत भांडून सांगतो. ते फक्त गोऱ्या-सावळ्या मराठी बायकांपुरतंच खरं का? एकट्या बाईच्या चारित्र्यावर शंका घेऊन तिला दार बंद करणं ही पुरुषसत्तेची जुनी रीत. तीच आता आपण गटाच्या नावाने ठरावात लिहायची?

मैत्रिणींनो, मनवेलपाड्यातल्या आपण तरी मूळच्या कुठल्या? कुणी कोकणातली, कुणी घाटावरची, कुणी उत्तर प्रदेशातली. मुंबईत खोली परवडली नाही म्हणून विरारला आलो.

ठराव पुढच्या बैठकीपर्यंत थांबवला आहे. मी त्याविरुद्ध बोलणार आहे, आणि जिच्याविषयी तो आहे त्या शेजारणीलाही बोलावणार आहे. तिच्यामागे तिचा निवाडा व्हायला नको. तुमच्या गटात असा ठराव आला, तर तुम्ही काय कराल? जरूर कळवा.